ठिगळ

मोम्मोने कॉफीचा कप पुढे सरकवला आणि काउंटरवरचं ओलं फडकं पिळत, तिच्याकडे न बघताच तो म्हणाला, "तुझ्या वडिलांची बोट सापडली म्हणे." शेजारी उभा असलेला टॅक्सीवाला वर्तमानपत्र वाचत होता, त्याने मान वर केली नाही. लेओनार्दाने साखरेची पुडी फाडली, कपात ओतली, ढवळली. मग दुसरी फाडली. एरवी ती साखर घेत नसे. "कोण म्हणालं?" तिने विचारलं, आणि आपला आवाज अगदी रोजच्यासारखा निघाला याचं तिला नवल वाटलं. "बंदर कचेरीतला तो नवा अधिकारी. मघाशी इथेच बसला होता. पलीकडे ट्युनिसपर्यंत विजेची केबल टाकायचीय ना, त्यासाठी तळ तपासतायत. तिथे दिसली. मागच्या फळीवरचं नाव वाचता आलं म्हणे. लेओनार्दा." तो बोटीचं नाव सांगत होता, पण क्षणभर तिला वाटलं, तो आपल्याला हाक मारतोय. "मला वाटलं तुला कळवलं असेल," मोम्मो आता तिच्याकडे बघत म्हणाला. "मी बोलायला नको होतं." "बोललास ते बरं केलंस," ती म्हणाली आणि ती गोड, चिकट कॉफी तिने शेवटच्या थेंबापर्यंत संपवली.

कालव्याच्या कडेने ती चालू लागली. माझारा गावाच्या कालव्यात सकाळी बोटी परत आलेल्या असतात, लाल कोळंबीच्या पेट्या उतरत असतात, बर्फाचे तुकडे फरशीवर वितळत असतात, आणि त्यातून पाय वाचवत जाण्याची तिला लहानपणापासून सवय होती. आज तिचे बूट भिजले. लहानपणी तिला या नावाचा अभिमान होता. वडिलांनी, म्हणजे बाल्दास्सारेने, बोट घेतली त्याच वर्षी ती जन्मली, आणि शाळेत पोरं चिडवायची, "लेओनार्दा, तुझं बूड रंगवलं का गं यंदा?" मग ती एकोणीस वर्षांची असताना एका फेब्रुवारीत गावभर एकच वाक्य फिरू लागलं, लेओनार्दा बुडाली. बाजारात, चर्चच्या पायरीवर, केस कापायच्या दुकानात. ती शेजारून जात असली की लोक वाक्य अर्ध्यावर तोडायचे. तिच्या नावापुढचं ते क्रियापद लोकांच्या तोंडातच राहायचं, आणि ते तिला गिळलेल्या काट्यासारखं आतून टोचायचं. पुढे ती शिकायला रोमला गेली, ती खरं तर त्या वाक्यापासून लांब गेली. तिथे तिने पाण्यात बुडून राहिलेल्या लाकडाचं जतन कसं करतात ते शिकून घेतलं. का तेच, हे तिला कुणी विचारलं नाही, तिनेही स्वतःला विचारलं नाही. आणि मग कालव्याच्या मुखापाशी वाळूच्या बांधाखाली रोमन काळातलं एक मालवाहू जहाज निघालं, तेव्हा ती परत आली. गावाने लगेच त्यावर तोंडसुख घेतलं. "बापाची बोट मिळाली नाही, म्हणून पोरगी रोमनांची घेऊन बसलीय."

संग्रहालय ट्यूना डबाबंद करायच्या जुन्या कारखान्यात होतं. आत गेल्यावर तिने रोजच्यासारखी हवेतली आर्द्रता पाहिली, दिवे लावले, आणि पोलादी पाळण्यात ठेवलेलं ते काळसर, लांबोडकं जहाज, म्हणजे त्याचा तळ आणि एका बाजूच्या फासळ्या, हळूहळू अंधारातून वर आलं. तिच्या आयुष्याची सगळी मधली वर्षं यात गेली होती. एकेक फळी गोड्या पाण्याच्या टाकीत ठेवायची, पाणी बदलत राहायचं, लाकडात मुरलेलं मीठ निघून जाईपर्यंत वाट बघायची. मग मेणासारखं एक रसायन त्यात थोडं थोडं भिनवायचं, कारण इतकी शतकं पाण्यात राहिलेल्या लाकडात लाकूड असं फारसं उरलेलंच नसतं. पेशींच्या भिंती विरून गेलेल्या असतात, पाण्याने नुसता आकार धरून ठेवलेला असतो. ते तसंच वाळू दिलं तर चुरमडतं, पिळवटतं, फाटतं. पाणी काढायचं आणि पाण्याला कळायच्या आत दुसरं काहीतरी तिथे ठेवायचं, असं ती नव्या मुलांना समजावून सांगे. तिचा नवरा एत्तोरे म्हणायचा, तुझ्या केसांना टाकीचा वास येतो. तो पालेर्मोला बदलीवर गेला आणि तिथलाच झाला. त्याबद्दल तिला फार दुःख झालं नव्हतं, आणि दुःख झालं नाही याचीच काही दिवस भीती वाटत राहिली होती. आईने तेव्हा एवढंच म्हटलं, "जिवंत माणूस गेलाय. पत्ता तरी ठाऊक आहे."

जहाजाच्या डाव्या अंगाला, तळाशी, शिशाच्या पत्र्याचं एक ठिगळ होतं. तळहाताएवढं, कडेने बारीक खिळे मारलेलं. टाकीत लाकूड धुताना ते तिलाच सापडलं होतं. पत्र्याखाली राळेत भिजवलेलं कापड होतं, आणि राळेत एका बोटाचा ठसा. शाळेच्या मुलांना ती नेहमी तिथे थांबवायची. "जहाज जुनं झालं होतं," ती सांगायची, "पण त्यांनी टाकून दिलं नाही. बघा, किती काळजीने लावलंय." मुलं काचेला नाक लावून बघायची. त्या सकाळी ती ठिगळाशी थांबली नाही. खुर्चीवर बसून तिने भावाला फोन केला. गास्पारेला अर्थातच आधीच कळलेलं होतं.

गास्पारे तिच्याहून सात वर्षांनी लहान. बोट गेली तेव्हा तो शाळेत होता, आणि त्याच्या आयुष्याला तेव्हापासून एकच कणा होता. बोटीला कुठल्यातरी परक्या मालवाहू जहाजाने धडक दिली आणि ते न थांबता निघून गेलं. हे पहिल्यांदा कोण म्हणालं कुणालाच आठवत नव्हतं. बहुधा त्या रात्रीच्या वादळातून परतलेल्या दुसऱ्या एका बोटीच्या कप्तानाने मोठ्या जहाजाचे दिवे पाहिले होते, एवढंच. पण आईने ते धरलं, मग गावाने धरलं, आणि गास्पारे मोठा झाला तसं त्याने ते दगडात कोरून घेतलं. धक्क्यावर संगमरवराची पाटी होती, "अज्ञात जहाजाच्या धडकेत", आणि खाली तीन नावं. बाल्दास्सारे. बेशीर, जो समुद्रापलीकडच्या माहदियाचा. आणि तानो, ज्याच्या मागे रडायला कुणीच नव्हतं. दर फेब्रुवारीत प्रार्थना होई, फुलं वाहिली जात, आणि आई बेशीरच्या बायकोचा, मब्रूकाचा, दंड धरून उभी राहायची. आधार कोण कुणाला देतंय ते लांबून कळायचं नाही.

बंदर कचेरीत त्या तरुण अधिकाऱ्याने त्यांना पडद्यासमोर बसवलं. यंत्राने काढलेलं चित्रण होतं. हिरवट करडं पाणी, त्यातून बर्फासारखे तरंगत येणारे कण, एक मासा जो दिव्याकडे बघून हलतच नव्हता. मग फळ्या. मग तिचं नाव, अर्धं शेवाळात. गास्पारेने तिचा हात पकडला. त्याचा तळवा घामाने थंड होता आणि तो लहान असताना ताप आला की असाच व्हायचा हे तिला आठवलं. यंत्र बोटीच्या डाव्या अंगाने हळूहळू पुढे सरकलं आणि तळापाशी एक भगदाड दिसलं. "बघ," गास्पारे कुजबुजला. "इथेच. इथेच मारलं त्यांनी." ती बघत होती. पण तिचे डोळे भावाचे डोळे नव्हते, ते बरीच वर्षं फक्त हेच करत आले होते, मेलेल्या लाकडाला काय झालं ते त्याच्याच तोंडून ऐकणं. धडक बसली असती तर फळ्या आत वळल्या असत्या, फासळ्या तुटल्या असत्या, तडे लांबवर धावले असते. इथे एकही फासळी मोडलेली नव्हती. फळी नुसती जागेवरून निघून गेली होती, कुजक्या दातासारखी. आणि भगदाडाच्या कडेला, एका बाजूने सुटून बाहेर वळलेला, पत्रा होता. त्याच्या कडेने बारीक खिळ्यांची ओळ.

अधिकारी म्हणत होता की केबलच्या वाटेत बोट येते. कुटुंबांची संमती असेल तर ती वर काढतील, नसेल तर वाट थोडी वळवतील आणि ती आहे तिथेच राहील. दोन्ही घरांनी हो म्हणायला हवं. तानोचं घर नाही. "काढा," गास्पारे म्हणाला. "जगाला बघू दे." "तुम्ही या विषयातल्या आहात," अधिकारी आदराने तिला म्हणाला, "तुम्हाला काय वाटतं?" तिला पत्र्याखालचं राळेतलं कापड दिसत होतं, जे तिथे दिसणं शक्य नव्हतं. "अजून काही सांगता येत नाही," ती म्हणाली. हे तिने आयुष्यात पुष्कळदा म्हटलं होतं, आणि ते आज पहिल्यांदा खोटं होतं.

त्यानंतरच्या दिवसांत एक जेवण तिच्या मनात पुन्हा पुन्हा मांडलं जाऊ लागलं. ते तिला कधी आठवलं नव्हतं असं नाही, पण त्याला काही अर्थ नव्हता, म्हणून ते कुठेतरी तळाला पडून होतं. जानेवारी असावा. वडील कॉलरला डांबर लावून घरी आले होते आणि आई ऑलिव्हचं तेल चोळून चोळून ते काढत होती, सदरा त्यांच्या अंगावर असतानाच, कारण ते भुकेले होते आणि सदरा काढायला तयार नव्हते. ते मान वाकडी करून जेवत होते. "ईस्टर झाला की फळ्या बदलायच्या," ते घास चावता चावता म्हणाले. "तोवर चालेल." आई म्हणाली, "हलू नकोस." गास्पारे टेबलाखाली मांजराला मासा देत होता. एवढंच. तोवर चालेल. ते उताणे पडून, खिळे ओठात धरून, पत्रा ठोकत असतील आणि बेशीर खाली वाकून दिवा धरत असेल, हे तिने पाहिलं नव्हतं, पण आता ते जेवणापेक्षाही स्पष्ट दिसे. आणि तिला रागही येत नव्हता, दुःखही नाही. एक विचित्र, ओशाळवाणी गोष्ट मात्र सारखी टोचत होती. शाळेच्या मुलांसमोर ती इतकी वर्षं काळजी हा शब्द वापरत आली होती. त्या रोमन ठिगळाशी उभी राहून तिने मनात कितीदा त्या अनोळखी माणसाच्या हाताची वाहवा केली होती. तो माणूसही असंच म्हणाला असेल. तोवर चालेल. त्याच्या जहाजावरची माणसं पोहून किनाऱ्याला लागली, की नाही, ते कुणालाच ठाऊक नव्हतं.

मब्रूकाकडे संमतीचं विचारायला तीच गेली. जुन्या वस्तीतल्या त्या अरुंद बोळात निळ्या दारांपुढे कपडे वाळत होते. मब्रूका जमिनीवर बसून परातीत रवा हाताने फिरवत होती, कुसकुससाठी, बोटं थोडी पाण्यात बुडवायची आणि पुन्हा फिरवायचं. तिने लेओनार्दाला वरपासून खालपर्यंत पाहिलं. "वाळलीस. लाकडांना पाजतेस ते मेण जरा स्वतःपण पीत जा." "मावशी, तुम्हाला बोटीचं कळलं असेल." "मला काय, माझ्या कोंबड्यांनासुद्धा कळलं. काढा वर. बेशीरला मला नीट पुरायचाय, तोंड किब्ल्याकडे, नमाजाच्या दिशेला करून. त्याच्या आईला मी तसं कबूल केलं होतं, ती पण गेली वाट बघून." लेओनार्दा स्टुलावर बसली. रव्याचे दाणे एकमेकांना चिकटून गोल होत होते. तिला वाटलं होतं की आधी बरंच काही बोलावं लागेल, पण तिच्या तोंडून सरळ वाक्य गेलं. "मावशी, त्या बोटीला कुणी धडक दिली नव्हती. तळ कुजला होता. बाबांनी वरून पत्रा मारला होता."

मब्रूकाचा हात थांबला नाही. "ठाऊक आहे."

"कधीपासून?"

"बेशीर सांगायचा की. खालून पाणी येतं, म्हणायचा, आम्ही पंप मारतो. मी म्हटलं, जाऊ नकोस. तर म्हणाला, कप्तान जातोय ना, मग मी जातो." ती पाण्यात बोटं बुडवून थांबली. "या धक्क्यावर सगळे त्याला, समुद्रापलीकडच्या कुणालाही म्हणतात तसं, 'ए तुर्का' म्हणायचे. तुझा बाप बेशीर म्हणायचा. आणि दुसऱ्याला पाठवून तो घरी शेकत बसला नव्हता, स्वतः त्याच बोटीत होता. म्हणून मी त्याला शिव्या देऊ शकले नाही. देता आल्या असत्या तर फार बरं वाटलं असतं मला."

"पण आईला का नाही सांगितलंत?"

"तुझी आई पहिल्याच आठवड्यात आली, पाव आणि तेल घेऊन. इथे, या दारात उभी राहिली आणि म्हणाली, परक्या जहाजाने आपली माणसं मारली गं. आपली, म्हणाली. तोवर या गावात मला कुणी आपलं म्हटलं नव्हतं. मी काय म्हणणार होते? नाही बाई, तुझ्या नवऱ्याने मारलं?" तिने परात थोडी हलवली. "मी काही देवमाणूस नाही, नार्दा. दरवर्षी ती फुलं ठेवताना मला वाटायचं, आज बोलायचं. आज तोंडावर फेकायचं. मग ती माझा दंड धरायची. झालं, गेलं ते वर्ष."

परत येताना लेओनार्दा बोळ चुकली. त्या वस्तीत ती खेळून वाढली होती, तरी चुकली, आणि बोळ संपवणाऱ्या एका भिंतीपाशी जाऊन उभी राहिली. दोन बायका इतकी वर्षं एकमेकींच्या आधाराने उभ्या होत्या आणि त्यांच्यामध्ये हे होतं. तिने ते काढून घेतलं तर त्या जागी भरायला तिच्याकडे काही नव्हतं.

तरी तिने आईला सांगायचं ठरवलं, कारण बोट वर आली की धक्क्यावरचा कोणीही म्हातारा कोळी तो पत्रा ओळखणार होता, आणि आईने ते परक्याच्या तोंडून ऐकावं हे तिला सहन झालं नसतं. सोमवारी संग्रहालय बंद असतं. आई, वीता, आजवर कधी तिथे आली नव्हती. "मेलेली बोट काय बघायची," म्हणायची. त्या दिवशी मात्र लेओनार्दाने नुसतं "चल" म्हटलं आणि ती काळा कोट घालून, ओठांना किंचित रंग लावून, काठी टेकत आली. पाळण्याभोवती तिने एक फेरी मारली. बाजारात मासे निवडताना असायचा तोच संशय तिच्या चेहऱ्यावर होता. "एवढंसं?" ती म्हणाली. "यासाठी तू मला एक नातवंडसुद्धा पाहू दिलं नाहीस?" लेओनार्दाने तिला रखवालदाराच्या खुर्चीवर बसवलं आणि सांगितलं. पत्रा, खिळे, न मोडलेल्या फासळ्या. ईस्टर झाला की बदलू म्हणाले होते ते. आईने मध्ये काहीच विचारलं नाही. तिची नजर जहाजावर होती पण ती जहाज बघत नव्हती.

"डांबर निघालं नव्हतं," ती म्हणाली. "त्या सदऱ्याचं. तसाच घालून गेला." मग काठीची मूठ दोन्ही हातांनी धरून तिने विचारलं, "मब्रूकाला सांगितलंस?"

"तिला माहीत होतं."

"कधीपासून?"

"पहिल्यापासून."

आणि तेव्हा, नवऱ्याबद्दल ऐकताना जे झालं नव्हतं ते झालं. आईचा चेहरा लाल झाला. "म्हणजे मी तिथे उभी राहून दरवर्षी त्या जहाजाला शाप देत होते, आणि ही बया माझ्या शेजारी उभी राहून ऐकत होती? मूर्ख बनवलं मला. मनातल्या मनात हसली असेल." "आई, ती हसली नाही." "तुला काय ठाऊक? तू लाकडांत असतेस." ती उठली आणि दाराकडे चालू लागली. दाराशी वळून, आवाज खाली आणून म्हणाली, "मी विचारलंच नाही कधी कुणाला. पाणी कुठून आलं, हे मी एकदाही विचारलं नाही."

गास्पारेला आईनेच सांगितलं. तो लेओनार्दाच्या दारात आला, आत आला नाही. "तू पडद्यावर बघितलंस तेव्हाच तुला कळलं होतं?" "हो." "आणि गप्प बसलीस." "खात्री करून घ्यायची होती." "खात्री," तो म्हणाला. "माझा बाप तू दुसऱ्यांदा मारलास नार्दा, आणि तोही खात्री करून." त्याने बंदर कचेरीत जाऊन नकार कळवला. पाटी धक्क्यावर तशीच होती. त्या पाटीसमोरून जाताना तो रस्त्याच्या दुसऱ्या बाजूला जाऊ लागला आहे, असं मोम्मोने लेओनार्दाला सांगितलं.

मब्रूकाकडे आई बरेच दिवस गेली नाही. बाजारात दिसली तर लिंबं निवडत राहायची. मग एके सकाळी ती एकटीच, कुणाला न सांगता, बंदर कचेरीत गेली आणि त्या तरुण अधिकाऱ्याला म्हणाली की बाल्दास्सारेची बायको ती आहे, मुलगा नाही, आणि तिची संमती आहे. संध्याकाळी गास्पारे तिच्यावर ओरडला तेव्हा ती वाटाणे सोलत होती. "तिचा माणूस आहे खाली," ती म्हणाली. "माझ्या नाकासाठी मी त्याला तिथे ठेवायची नाही. तुला पाटी हवी असेल तर पाटीजवळ जाऊन बस."

मे महिन्यात बोट वर आली. त्या दिवशी आफ्रिकेकडून गरम वारा सुटला होता, आभाळ पिवळट होतं आणि दातांखाली धूळ कचकचत होती. मोठ्या तराफ्यावर, पट्ट्यांत बांधलेली, पाणी गाळत ती धक्क्याला लागली, आणि ती किती लहान आहे हे बघून लेओनार्दाला रडू आलं, जे आजवर आलं नव्हतं. गर्दी होती पण आवाज नव्हता. काही म्हाताऱ्या कोळ्यांनी वाकून तळ पाहिला, पत्रा पाहिला, आणि सरळ होऊन टोप्या काढल्या. धक्क्यावर ज्याने आयुष्यात एकदा तरी असा पत्रा मारला नव्हता, असा माणूस बहुधा त्या गर्दीत नव्हताच.

मासे लिलावाच्या शेडच्या सावलीत खुर्च्या मांडल्या होत्या. आई एका टोकाला बसली होती, मब्रूका दुसऱ्या टोकाला. अधिकारी त्यांच्यापुढे येऊन उभा राहिला, टोपी हातात. इंजिनाच्या खोलीत गाळ भरलेला होता, त्यामुळे बरंच काही राहिलं आहे, तो म्हणाला. दोन माणसं. तिसऱ्याचं, बहुधा तानोचं, काही मिळालं नाही. दोघेही खालीच होते, पंपापाशी. अगदी जवळजवळ. कोण कोणता ते तपासणीनंतरच सांगता येईल, तोवर एकाच पेटीत ठेवावं लागेल, चालेल का. मग आई उठली, काठी टेकत त्या रिकाम्या खुर्च्यांसमोरून चालत गेली आणि मब्रूकाच्या शेजारी बसली.

"तू मला सांगायला हवं होतंस," ती म्हणाली.

"तू विचारायला हवं होतंस," मब्रूका म्हणाली.

वाऱ्याने मब्रूकाच्या डोक्यावरचा रुमाल सरकला होता, आईने तो नीट केला. मब्रूका अधिकाऱ्याला म्हणाली, "राहू दे एकत्र. इतकी वर्षं होते, आणखी थोडे दिवस."

गास्पारे गर्दी पांगेपर्यंत आला नव्हता. मग तो आला, बोटीभोवती फिरला, आणि तळाशी जाऊन त्या पत्र्यासमोर उकिडवा बसला. त्याने हात लावला नाही. लेओनार्दा त्याच्यामागे उभी होती. त्याची मान मागून हुबेहूब वडिलांसारखी झाली होती, मान वाकडी करून जेवणाऱ्या माणसासारखी, आणि हे तिने आधी कधी पाहिलं नव्हतं. लाकूड ओलं होतं, काळं, चकचकीत, आणि ओलं असल्यामुळेच अखंड दिसत होतं. पण वारा आणि ऊन त्यावर काम करू लागले होते. वरच्या फळ्यांच्या कडा फिक्या पडत चालल्या होत्या.

"हे टिकवता येईल ना?" त्याने न वळता विचारलं. "त्या तुमच्या जहाजासारखं?"

तिच्या डोक्यात सगळं आपोआप सुरू झालं होतं. ताबडतोब ओली पोती टाकायला हवीत, पाण्याचा फवारा चालू ठेवायला हवा, आज दुपारपर्यंत टाकीची सोय, कारखान्यामागची मोठी टाकी रिकामीच आहे. मीठ निघायला काही वर्षं, मेण मुरायला आणखी काही. जमलं असतं. तिच्याइतकं ते दुसऱ्या कुणाला जमलं नसतं. मग काचेमागे ठेवता आलं असतं, दिवे लावून, आणि शाळेची मुलं येऊन पत्र्यापाशी नाक लावून उभी राहिली असती, आणि तिला पुन्हा काळजी हा शब्द वापरावा लागला असता.

"येईल," ती म्हणाली.

"मग सांग ना त्यांना. पाणी मारायला सांग. वाळायला लागलंय."

"नको, गास्पारे. वाळू दे."

तो वळला. तिला वाटलं तो ओरडेल. त्याचे डोळे लाल होते, धुळीने किंवा कशानेही असतील. तो धक्क्याच्या दगडावर बसला आणि त्याने बूट, मग मोजे काढून ठेवले, गरम होत होतं म्हणून. ती त्याच्या शेजारी बसली. दुपारी ऊन धक्क्यावर सरळ उतरलं, पहिली फळी तडकली, सुकी काटकी मोडावी तशी, आणि दोघांनी एकाच वेळी तिकडे पाहिलं. थोड्या वेळाने दुसरी तडकली. मग त्यांनी पाहायचं सोडलं, आणि नुसतं ऐकत बसले.